पायातली शीर आणि बंद पाकीट

मागच्या महिन्यात आपण छातीतल्या दुखण्यावर कार्यक्रम केला. त्यानंतर फोन बरेच आले, पण त्यातला एक आमच्या डोक्यातून अजून जात नाही. पलीकडच्या वाडीवरच्या एका मावशींनी विचारलं, "बायपास बायपास म्हणता, तो गावाबाहेरनं काढलेल्या रस्त्यासारखाच का हो? आमच्या फाट्याला बायपास झाला आणि आमचं चहाचं हॉटेल बसलं. मग ह्यात काय बसतं?" स्टुडिओत आम्ही हसलो. मावशी हसत नव्हत्या. त्यांच्या मालकांना डॉक्टरांनी बायपास सांगितला होता.

त्यांना आम्ही तेव्हा जमेल तसं उत्तर दिलं. नंतर मात्र वाटलं, हा बायपास पहिल्यांदा काढला कुणी, हे तरी पाहावं. आम्ही चौघीजणी शोधायला बसलो. वाटलं होतं, कुणीतरी बड्या घरचा, बड्या शहरातला डॉक्टर निघेल. निघाला एका सुताराचा मुलगा. आई लोकांचे कपडे शिवायची. आणि बारा वर्षं त्यानं आपल्या तालुक्याहूनही लहान अशा गावात बाळंतपणं केली होती. त्याचं नाव रेने फावालोरो. देश अर्जेंटिना. आज त्यांच्याबद्दलच बोलायचं आहे, आणि शेवटी थोडं आपल्याबद्दल.

फावालोरो १९२३ साली ला प्लाता या शहरात जन्मले. आजी-आजोबा इटलीतल्या सिसिलीहून पोटासाठी आलेले. मुलगा हुशार, डॉक्टर झाला, आणि तिथल्या मोठ्या रुग्णालयात नोकरी मिळायची वेळ आली. फॉर्म भरला. फॉर्मच्या शेवटी एक ओळ होती, की सत्तेवरच्या पक्षाची विचारसरणी मला मान्य आहे. खाली सही. सगळे करत होते. ह्यांनी केली नाही. डॉक्टरकीचा आणि पक्षाचा काय संबंध, एवढंच त्यांचं म्हणणं. नोकरी गेली.

त्याच सुमारास ला पाम्पा प्रांतातल्या हासिंतो आराउस नावाच्या गावाहून निरोप आला, की इथले डॉक्टर आजारी आहेत, दोन-तीन महिने येऊन सांभाळाल का? १९५० साल होतं. कोरडवाहू मुलूख, वारा, वाळू, कच्चे रस्ते. दोन-तीन महिन्यांसाठी गेलेला हा माणूस बारा वर्षं तिथं राहिला. पुढं धाकटा भाऊ, तोही डॉक्टर, येऊन मिळाला.

इथं जरा थांबू या, कारण आम्हाला सगळ्यात जास्त आवडला तो हाच भाग. जगातले लोक त्यांच्या ऑपरेशनबद्दल बोलतात. आम्हाला त्या गावातल्या सुइणी जास्त जवळच्या वाटल्या.

गावात नीट सोय म्हणावी अशी नव्हतीच. दोघा भावांनी हळूहळू दवाखाना उभा केला, ऑपरेशनची खोली केली, एक्स-रे आणला, तपासणीची सोय केली. रक्तपेढी कुठून आणणार? त्यांनी गावातल्या माणसांचे रक्तगट तपासून यादी करून ठेवली. कुणाला रक्त लागलं की यादीतल्या माणसाला बोलवायचं. म्हणजे चालतीबोलती रक्तपेढी. सुइणींना त्यांनी हाकललं नाही, 'अडाणी' म्हणून हिणवलं नाही. त्यांना जवळ बसवून स्वच्छतेचं, धोक्याच्या खुणांचं शिक्षण दिलं. शाळेतल्या शिक्षकांना हाताशी धरलं, आयांना बाळाच्या दुधापाण्याचं सांगितलं. काही वर्षांत बाळंतपणातला जंतुदोष कमी झाला, मुलांचं कुपोषण कमी झालं, आणि तान्ही मुलं दगावणं जवळजवळ थांबलं. आपल्या आशाताई आज दारोदार फिरून जे करतात, तेच हे. आमच्यातल्या एकीची आजी सुईण होती. तिला शेवटपर्यंत कुणी शिकवायला आलं नाही, ओरडायला मात्र पुष्कळ आले. त्यामुळं हे वाचताना ती जरा गप्पच झाली.

१९६२ साली, चाळिशीला टेकलेले असताना, फावालोरोंनी हे सगळं भावावर सोपवलं आणि ते अमेरिकेतल्या क्लीव्हलँड क्लिनिकला गेले. हृदयाची शस्त्रक्रिया तेव्हा नवी होती, त्यांना ती शिकायची होती. इंग्रजी कच्चं. तिथं डॉक्टरी करायला पुन्हा परीक्षा द्यावी लागणार होती. तोपर्यंत पडेल ते काम केलं. दिवसभराचं काम संपलं की संध्याकाळी ते एका खोलीत जाऊन बसत आणि हृदयाच्या धमन्यांच्या फिल्म बघत.

ह्या फिल्मची गोष्ट मजेदार आहे. त्याच रुग्णालयात मेसन सोन्स नावाचे डॉक्टर होते. १९५८ साली ते एका रुग्णाची तपासणी करत असताना नळी चुकून हृदयाच्या धमनीच्या तोंडात गेली आणि रंगद्रव्य थेट आत सुटलं. तेव्हाची समजूत अशी, की असं झालं तर माणूस जागीच जाईल. सोन्स घाबरले. रुग्णाला त्यांनी खोकायला सांगितलं. रुग्ण खोकला, हृदय पुन्हा लयीत आलं, आणि सोन्स यांच्या ध्यानात आलं की जिवंत माणसाच्या हृदयाच्या धमन्या आतून दिसू शकतात. आज आपण सहज म्हणतो ना, "अँजिओग्राफी करून घ्या", तिची सुरुवात ही अशी.

फावालोरो ह्या फिल्म तासन् तास पाहत राहिले. कुठल्या माणसाची धमनी कुठं बुजली आहे, बुजलेल्या जागेच्या पुढं ती मोकळी आहे का, हे त्यांना पाठ झालं. पुढं मोकळी असेल, तर मधला अडथळा ओलांडून रक्त पलीकडं नेता येईल. नेणार कशातून? पायातल्या शिरेतून. मांडीपासून घोट्यापर्यंत कातडीखाली एक लांब शीर असते, ती काढली तरी पायाचं काम दुसऱ्या शिरा चालवून घेतात. मात्र शिरेत जागोजागी झडपा असतात, सायकलच्या ट्यूबच्या व्हॉल्वसारख्या, रक्त एकाच दिशेला जाऊ देणाऱ्या. म्हणून ती शीर उलटी करून जोडावी लागते. एवढंसं वाटतं, पण हे ध्यानात न ठेवता जोडली तर सगळं फुकट.

९ मे १९६७ रोजी त्यांनी हे ऑपरेशन केलं. मैत्रिणींनो, ती रुग्ण एक बाई होती. ५१ वर्षांची. उजव्या बाजूची धमनी बंद झालेली. काही दिवसांनी पुन्हा फिल्म काढली, तर नवीन वाट मोकळी होती, रक्त वाहत होतं. हृदयरोग म्हणजे पुरुषांचा रोग, असं आपल्याकडं अजून समजतात. बाईला धाप लागली, पाठ भरून आली, जबडा दुखला, मळमळलं, की "पित्त झालंय, सोडा घे" म्हणतात. ती ५१ वर्षांची बाई आम्हाला म्हणून सांगावीशी वाटली.

तेव्हा ह्याचा फार गाजावाजा झाला नाही. त्याच वर्षी डिसेंबरात दक्षिण आफ्रिकेत केपटाउनला ख्रिस्तियान बर्नार्ड यांनी एका माणसाचं हृदय दुसऱ्याला बसवलं आणि जगभरच्या पेपरांत तेच झळकलं. पुढच्या फेब्रुवारीत आपल्या मुंबईच्या केईएम रुग्णालयातही डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांनी तसा प्रयत्न केला. तो रुग्ण काही तासच जगला. हृदय बदलण्याच्या गोष्टी अशा गाजत राहिल्या. पायातली शीर गुपचूप घराघरांत पोहोचली. आज तुमच्या गल्लीत छातीवर उभा व्रण आणि पायावर लांब व्रण असलेलं कुणीतरी असेलच.

आता एक खरं सांगायला हवं. 'जगातला पहिला बायपास' असं जे छापलं जातं, ते तितकंसं बरोबर नाही. न्यूयॉर्कमध्ये आणि रशियातल्या लेनिनग्राडमध्ये त्याआधी काही सर्जननी वेगवेगळ्या रीतीनं असे प्रयत्न केले होते. हे खुद्द फावालोरोंनीच लिहून ठेवलंय. रोज, कुणालाही शिकवता येईल अशी रीत त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बसवली, हे त्यांचं मोठं काम. आणि त्याचं श्रेयही ते एकट्याकडं घ्यायचे नाहीत. बोलताना ते नेहमी 'आम्ही' म्हणत. सोन्स यांची फिल्म नसती, भूल देणारे नसते, परिचारिका नसत्या, तर मी काय करणार होतो, हा त्यांचा सूर. आमच्या रेडिओवरही सगळ्या 'आम्ही'च बोलतो, त्यामुळं हा माणूस आम्हाला आपल्यातलाच वाटला असेल.

अमेरिकेत नाव झालं, पैसा मिळण्याची सोय झाली. तरी १९७१ साली ते मायदेशी परतले. आपल्या लोकांना ही शस्त्रक्रिया मिळावी आणि आपल्या डॉक्टरांना ती शिकवावी, हे कारण. १९७५ साली त्यांच्या नावाची संस्था उभी राहिली, १९९२ साली ब्यूनोस आयरेस शहरात मोठं रुग्णालय सुरू झालं. नफा कमवायचा नाही, पैसे नाहीत म्हणून परत पाठवायचं नाही, अशी तिथली रीत. लॅटिन अमेरिकेतले शेकडो डॉक्टर तिथं शिकले.

आयुष्याच्या शेवटच्या वर्षांत ते जे बोलत, लिहीत, त्यात ऑपरेशन कमी आणि माणसं जास्त असत. १९९९ साली अमेरिकेतल्या हृदयरोगाच्या एका प्रसिद्ध नियतकालिकात त्यांचं मोठं व्याख्यान छापून आलं. जगभरचे हृदयरोगतज्ज्ञ वाचणार, आणि ह्या म्हाताऱ्या सर्जनचं सांगणं काय, तर आधी रुग्णाशी बोला. त्याची हकीकत विचारा, त्याला हात लावून तपासा, तो राहतो कसा, खातो काय, हे जाणून घ्या. यंत्रं त्यानंतर. ज्यानं यंत्राच्या फिल्मवरच आपली विद्या उभी केली, त्यानं हे सांगावं, ह्याला आम्ही फार किंमत देतो.

आणि दुसरी गोष्ट पैशाची. तिथं रुग्ण पाठवणाऱ्या डॉक्टरला टक्केवारी द्यायची पद्धत होती. विमा आणि पेन्शनच्या संस्थांतले अधिकारीही "आमचं काय?" विचारत. आपण ज्याला कट म्हणतो, तेच. फावालोरोंच्या संस्थेनं तो द्यायला नकार दिला. परिणाम व्हायचा तोच झाला. चिठ्ठ्या दुसऱ्या रुग्णालयांच्या नावानं लिहिल्या जाऊ लागल्या. दुसरीकडं सरकारी आरोग्यनिधीकडून झालेल्या उपचारांचे पैसे येईनात. कर्ज वाढत गेलं. मोठमोठ्यांना पत्रं लिहिली, राष्ट्राध्यक्षांनासुद्धा. वेळेवर उत्तर आलं नाही. थोडं नमतं घ्या, असं सांगणारेही भेटले. आई-वडिलांनी आणि गुरुजींनी जे शिकवलं ते ह्या वयात बदलणार नाही, असं त्यांनी लिहून ठेवलं. दारोदार पैसे मागून आपला भिकारी झालाय, असंही लिहिलं.

२९ जुलै २००० रोजी, वयाच्या ७७ व्या वर्षी, त्यांनी स्वतःचं आयुष्य संपवलं.

हे सांगावं की नाही, यावर आमच्यात बराच वाद झाला. एकीचं म्हणणं, रेडिओवर नको. दुसरी म्हणाली, लपवलं तर गोष्ट खोटी होईल. म्हणून सांगितलं. पण त्यात काही थोर होतं असं आम्ही मानत नाही, कुणी मानू नये. तो माणूस थकला होता, एकटा पडला होता, आणि 'आम्ही' म्हणणाऱ्या माणसाशेजारी त्या वेळी कुणी बसलेलं नव्हतं. तुम्हाला किंवा घरातल्या कुणाला असं टोकाचं वाटत असेल तर १४४१६ हा टेली-मानसचा नंबर आहे, फुकट आहे, मराठीत बोलता येतं. आणि आमच्या केंद्राचं दार आहेच. त्यांची संस्था मात्र बंद पडली नाही. आजही चालू आहे. त्यांची राख त्यांच्या इच्छेप्रमाणं हासिंतो आराउसच्या आसपासच्या रानात नेली.

आता आपल्याबद्दल.

आमच्या गटातल्या एकीच्या सासूबाई, आम्ही सगळ्या त्यांना आत्याच म्हणतो. दोन वर्षांपूर्वी चढावर धाप लागायला लागली, पाठ दुखायची. इथल्या डॉक्टरांनी पाच मिनिटं पाहिलं आणि शहरातल्या एकाच रुग्णालयाच्या नावाची चिठ्ठी दिली. "दुसरीकडं जाऊ नका" हे दोनदा सांगितलं. तिथं अँजिओग्राफी झाली, आत्या टेबलावरच होत्या आणि बाहेर मुलाला विचारलं, स्टेंट टाकायचा की नाही, आत्ता सांगा. तो काय सांगणार? सही केली. बचत गटातून ऐंशी हजारांचं कर्ज काढलं, जामीन म्हणून आमच्यातल्या दोघींच्या सह्या आहेत. पुढं त्या दवाखान्यात काम केलेल्या एका मुलानं सहज बोलता बोलता सांगितलं, की दर चिठ्ठीमागं पाकीट येतं. खरं-खोटं आम्हाला ठाऊक नाही. पण तेव्हापासून आत्यांच्या घरात एक प्रश्न येऊन बसलाय, की तो स्टेंट लागणार होता का? कुणीच सांगू शकत नाही. पाकिटाचं हेच वाईट आहे. डॉक्टरांनी अगदी बरोबर केलं असेल, तरी मनातली शंका जात नाही.

असं कमिशन देणं-घेणं आपल्या देशातही नियमाला धरून नाही. २००२ सालच्या डॉक्टरांच्या आचारसंहितेत ते स्पष्ट मना आहे. त्याच नियमांत असंही आहे, की रुग्णानं कागदपत्रं मागितली तर ७२ तासांच्या आत द्यायची. २०१७ साली महाराष्ट्रात कट प्रॅक्टिसविरुद्ध कायद्याचा मसुदा तयार झाला, त्याची चर्चाही झाली, आणि मसुदा मसुदाच राहिला. त्याच वर्षी फेब्रुवारीत केंद्रानं स्टेंटच्या किमतीला कमाल मर्यादा घातली, औषध लावलेल्या स्टेंटला २९,६०० रुपये. त्याआधी तोच स्टेंट लाखाच्या वर विकला जात होता. मधली रक्कम कुणाच्या खिशात जात होती, हा हिशेब तुम्हीच करा.

एक गोष्ट मात्र नीट ऐका. छातीत जोरात दुखतंय, घाम फुटलाय, जीव घाबरतोय, अशा वेळी दुसरं मत शोधत बसायचं नाही. १०८ ला फोन आणि सरळ दवाखाना, तिथं मिनिटं मोजायची असतात. दुसरं मत घ्यायचं ते, जेव्हा माणूस चालत-बोलत आहे आणि डॉक्टर सांगतात की पुढच्या आठवड्यात करू. तेव्हा फाईल मागायची, अँजिओग्राफीची सीडी मागायची, आणि दुसऱ्याला दाखवायची. मागताना लाजायचं नाही. महात्मा फुले जन आरोग्य योजनेत हे बसतं का, हे रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला विचारायचं. आत्यांच्या घरी हे कुणालाच माहीत नव्हतं. आम्हालाही नव्हतं, आणि आम्ही रेडिओवर बोलतो.

मावशींचा प्रश्न राहिला. मावशी, हृदयातल्या बायपासनं जुन्या रस्त्यावरचं हॉटेल बसत नाही. रस्ता तिथं आधीच बुजलेला असतो, पलीकडच्या वस्तीला पाणी मिळावं म्हणून ही नवी पाइपलाइन. मालकांची सीडी घेऊन ठेवा.

आत्यांची फाईल आम्ही दिवाळीनंतर मिळवली. तीन खेपा घालाव्या लागल्या. तालुक्याच्या शिबिरात एक तरुण डॉक्टरीणबाई आल्या होत्या, त्यांच्यापुढं ठेवली. त्यांनी फाईल बाजूला सारली आणि आधी आत्यांनाच विचारलं, "आजी, धाप लागते तेव्हा तुम्ही काय करत असता?" आत्या सांगत सुटल्या. विहीर, कळशी, म्हशीचं वैरण, मुलाची काळजी, सगळं. पंधरा-वीस मिनिटं गेली. मागं रांग खोळंबली. मग बाई म्हणाल्या, स्टेंट लागणार होता की नाही हे आता कागदावरून ठामपणे सांगता येणार नाही, पण तो आहे तर गोळ्या चुकवायच्या नाहीत. आणि गोळ्यांची पिशवी उलटी केली, तर कोलेस्टेरॉलच्या दोन गोळ्या एकाच औषधाच्या निघाल्या, कंपन्या वेगवेगळ्या. दोन वर्षं आत्या दोन्ही घेत होत्या. त्यांनी एक पेनानं खोडली.

गटाच्या कर्जाचे अजून चार हप्ते आहेत.